सुई ओवून घेतलेला चष्मा

आईचे डोळे गेले तेव्हा तिचं डोकं मी धरलं होतं. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे मी जो मूर्खपणा केला त्याचं कारण कुणाला विचारावं लागणार नाही.

आमच्या गावी, वळसंगच्या बाजारात मोतीबिंदू काढणारा एक माणूस यायचा. त्याच्याजवळ लाकडी पेटी, कापूस, गुलाबपाण्याची बाटली आणि एक सुई एवढंच असायचं. मी तेव्हा ट्रेनिंग कॉलेजात शिकत होते आणि सुटीला घरी आले होते. आईला पोत्यावर बसवून तो मला म्हणाला, "तू मागनं डोकं धर, हलू देऊ नको." मी धरलं. त्यानं बुबुळाच्या कडेनं सुई आत घातली, काहीतरी खाली दाबलं, आणि आईसमोर दोन बोटं धरली. "किती?" आई म्हणाली, "दोन." जमलेल्या लोकांनी वाहवा केली. मग त्यानं त्याच बैठकीत दुसराही डोळा केला. आठव्या दिवशी दोन्ही डोळ्यांतून पू यायला लागला. तो माणूस तोवर पुढच्या गावाला गेला होता. घरात शिकलेली मी एकटीच होते, आणि डोकंही मीच धरलं होतं.

त्यानंतर मी सोलापुरात मुलींच्या शाळेत शिक्षिका झाले, लग्न झालं, चार वर्षांत नवरा गेला, आणि आईला मी माझ्याकडे आणलं. मूलबाळ नाही. तेलुगू विणकरांच्या गल्लीत दोन खोल्या भाड्यानं घेऊन आम्ही दोघी राहत होतो. आई हातानं ज्वारी निवडायची, शेंगा फोडायची, चुलीतलं लाकूड मागेपुढे करायची. बाकी सगळं माझ्या पगारावर आणि माझ्या डोळ्यांवर चालायचं.

बेचाळिसाव्या वर्षी अक्षरं माझ्यापासून लांब जायला लागली. पुस्तक हात ताणून धरावं लागे. ते चालून जात होतं, पण माझ्याकडे शिवणाचा वर्ग होता. सुईच्या नाकात दोरा जाईना. मी युक्ती काढली. सुई-दोरा एखाद्या मुलीच्या हातात द्यायचा आणि म्हणायचं, "बघू तुला ओवता येते का." काही महिने असे निघाले. मग एकदा मागच्या बाकावरून कुणीतरी हळूच म्हणालं, "बाईंनाच येत नाही." वर्ग हसला. मी छडी आपटली आणि ठरवलं, चष्मा घ्यायचा.

त्या काळात बाजार जपानी मालानं भरून गेला होता. बाहुल्या, कंगवे, बांगड्या, कपबशा, छत्र्या, सगळं जपानी आणि सगळं स्वस्त. आमच्या गल्लीत जपानचं नाव शिवीसारखं घेत, कारण जपानी कापडानं तिथले माग बसत चालले होते. पण त्याच गल्लीत प्रत्येक घरात एखादी जपानी वस्तू होती. पेठेत चष्म्याचं चांगलं दुकान होतं, पण तिथे आधी डॉक्टरची चिठ्ठी मागत. डॉक्टरकडे मी जाणार नव्हते. तो काही लिहून देईल आणि ते शाळेपर्यंत जाईल, ही एक भीती. दुसरी भीती मी मनातसुद्धा पुरी उच्चारत नव्हते.

मंगळवारच्या बाजारात एक मुसलमान म्हातारा पत्र्याचं तबक मांडून बसायचा. तबकात जपानी चष्म्यांच्या ओळी. सेल्युलॉइडच्या तपकिरी दांड्या, प्रत्येकाखाली पेन्सिलीनं नंबर लिहिलेली चिठ्ठी. त्याच्याकडे अक्षरांचा तक्ता नव्हता, कारण त्याच्या बहुतेक गिऱ्हाइकांना अक्षरच येत नव्हतं. तबकाच्या कडेला बुचात एक सुई खोचलेली असायची, आणि शेजारी पांढऱ्या दोऱ्याचं रीळ. चष्मा लावायचा, सुई ओवायची. ओवली तर चष्मा तुमचा. सोनार, शिंपी, विणकर, नातवंडांची झबली शिवणाऱ्या म्हाताऱ्या, सगळे तिथे सुई ओवूनच चष्मा घेत. भोवती बघे उभे राहायचे आणि जत्रेतल्यासारखे हाकारे घालायचे.

मी पहिला लावला, जमलं नाही. दुसरा लावला तर म्हाताराच म्हणाला, "नक्को बाई, ये नक्को. तुमको ये होना," आणि तिसरा दिला. दोरा एका झटक्यात नाकातून गेला.

"हौ! देखो!" म्हातारा म्हणाला. "जपान का माल है. नजर फिरसे जवान!"

"आता मास्तरीणबाई चोर पकडणार," बघ्यांतला एक म्हणाला.

दांडी कानाला घट्ट होती. त्यानं ती गरम पाण्यात बुडवून वाकवली, तेव्हा तिला कापरासारखा वास आला. मला तो वास आवडला. मी चष्मा घेऊन घरी आले आणि त्या दिवशी वह्यांचा एक गठ्ठा तपासून संपवला.

दुसऱ्या दिवशी शाळेत मुख्याध्यापिका म्हणाल्या, "काय बाई, जपान्याची नजर उसनी घेतली वाटतं?" त्यांच्या अंगावर खादी असायची. मी म्हटलं, "देशी मिळेना." त्यावर त्या हसल्या. पण मग मी चष्मा काढायचाच नाही असं ठरवलं. घातला-काढला, घातला-काढला केलं की लोक बघतात. पहिल्या घंटेपासून शेवटच्या घंटेपर्यंत तो नाकावर, आणि हळूहळू घरीही.

महिन्याभरानं डावी भुवई दुखायला लागली. मग डावीकडून काही आलं की ते धुरकट दिसे. फळ्यावर मी सरळ ओढलेली ओळ मला चढावर गेलेली दिसे. पायरी असे त्यापेक्षा वर वाटे आणि पाय हवेत पडे. एकदा हजेरीपटात डोळे ताणून बघताना मी सहज उजवा डोळा हातानं झाकला. समोर नुसतं धुकं होतं. नावं नाहीत, रेघा नाहीत. मी हात काढला, सगळं परत आलं. मी पुन्हा झाकला नाही.

आता कुणीही विचारेल, चष्मा काढून का नाही बघितलंस? त्याला माझं उत्तर एवढंच, की मला ते कळून घ्यायचं नव्हतं. मी व्यवहारी बाई आहे असं सगळे म्हणतात. दुधात पाणी किती ते मी वासावरून सांगते. पण जी गोष्ट खरी निघाली तर आपण संपलो, ती तपासायला हात पुढे होत नाही. आईचंही धुक्यापासूनच सुरू झालं होतं. ती म्हणायची, "चुलीचा धूर डोळ्यात ऱ्हायलाय." तोच धूर आता माझ्या डोळ्यात आला होता, एवढं मी धरून चालले.

माझा हिशेब सरळ होता. दोन खोल्या, दोन बायका, दोघी आंधळ्या. नोकरी जाणार. भाऊ आहे, पण त्याच्या घरी एका आंधळ्या बाईलाही जागा झाली नव्हती. मग आम्हाला कोण हाताला धरून, कुठे बसवणार? देवळाच्या पायरीवर बसणाऱ्या बायका मी रोज बघत होते. त्यांच्यातल्या एकीच्या मांडीवर पाटी-पेन्सिल आहे असं एकदा मला स्वप्न पडलं, आणि दिवसभर मी वर्गात कारण नसताना मुलींवर ओरडत होते.

रडण्यात वेळ घालवायचा नाही म्हणून मी तयारी सुरू केली. शाळेतून आल्यावर, आई पडलेली असताना, मी डोळे मिटून घरातली कामं करायला शिकू लागले. मीठ कुठे, तिखट कुठे, हे डबे हातानं ओळखायचे. कुठल्या डब्याचं झाकण चेपलंय ते लक्षात ठेवायचं. चुलीपासून दारापर्यंत सहा पावलं. दारापासून अंगणातल्या नळापर्यंत एकवीस, मध्ये एक पायरी. पहिल्या आठवड्यात गुडघा फुटला, एक कपबशी गेली. दुसऱ्या आठवड्यात मी डोळे मिटून भाकरी थापली. ती वाकडी झाली, पण जळली नाही. मला त्याचा अभिमान वाटला, आणि मग त्या अभिमानाचीच भीती वाटली.

एका संध्याकाळी मी अशीच भिंतीला बोटं लावून आतल्या खोलीत येत होते. आई अंथरुणावर उठून बसली होती, हे मला दिसणं शक्य नव्हतं.

"डोळं मिटून चालतीयास व्हय?" ती म्हणाली.

मी डोळे उघडले. "नाही तर."

"मला शिकवू नगंस. भिंतीला बोटं घासल्याली मला कळत न्हाईत? वीस वर्सं मीच घासायली की."

मी भिंतीवरचा हात काढला.

"किती दिस झालं?"

"तीन आठवडे."

"चालायचं म्हनत न्हाई मी. डोळं कवापासनं?"

"चार महिने. डावा."

मला वाटलं आता आई रडणार, आणि ते मला सोसलं नसतं. पण ती म्हणाली, "शानी गं माझी पोर. शिकल्याली. डागदरकडं जायाचं सोडून आंधळी व्हायची तालीम करायलीयास."

"डॉक्टर काय करणार? कापणार."

"मग कापंल की. तवा त्यो भामटा हुता बाजारातला. डागदर हाय तर डागदरकडं जा." मग जरा थांबून म्हणाली, "कुणी डोकं धराया न्हाई म्हून भेतीस व्हय? मी धरीन. माझं हात हलत न्हाईत."

हे ती चेष्टेनं म्हणाली की खरं, ते मला कळलं नाही. इतक्या वर्षांत त्या दिवसाबद्दल आम्ही दोघी कधी बोललो नव्हतो. मी म्हटलं, "बघू रविवारी," आणि भाजी चिरायला बसले. त्या रविवारी मी गेले नाही. पुढच्याही नाही.

दरम्यान शाळेची तपासणी झाली. तपासणीच्या बाईंनी माझ्याच हातचं काज बघायला मागितलं. मी उजव्या डोळ्याच्या भरवशावर ते कसंबसं केलं. त्यांनी कापड उजेडाकडे धरलं, उलटसुलट केलं, आणि मुख्याध्यापिकेकडे बघितलं. मला कुणी काही बोललं नाही. दुसऱ्या दिवशी मुख्याध्यापिका एवढंच म्हणाल्या, "बाई, डोळे दाखवून घ्या. नाहीतर पुढच्या सत्रात शिवण दुसऱ्या कुणाला द्यावं लागेल." शिवण गेलं की पाठोपाठ काय जातं ते मला माहीत होतं. मराठी शिकवणाऱ्या शाळेत आम्ही तिघी होतो, मी टिकून होते ती शिवणावर.

त्यानंतरच्या रविवारी सकाळी अंगणातल्या नळाला पाणी नव्हतं म्हणून मी गल्लीतल्या नळावरून घागर भरून येत होते. आमच्या गल्लीत सकाळी पांजणी चालायची. म्हणजे मागावर चढवायचं लांबच लांब सूत, त्याला ताणा म्हणतात, गल्लीभर ताणून बांधायचं, त्याला खळ लावायची आणि मोठ्या कुंच्यानं विंचरत न्यायचं. शेजारणीचा ताणा त्या दिवशी माझ्या डाव्या हाताला होता. ती माझ्याच वयाची विणकर बाई, मी तिला अक्का म्हणायची. ताण्यापासून मी हातभर लांब आहे असं मला दिसत होतं. प्रत्यक्षात घागर त्याला घासत होती. मी पुढचं पाऊल टाकलं आणि तटतट आवाज आला. पंधरा-वीस धागे तुटून लोंबायला लागले, आणि घागरीतलं पाणी खळीवर सांडलं.

"अय्यो!" अक्का कुंचा टाकून धावत आली. "मास्तरीणबाई, डोळे कुठं ठेवलाव? दिसंना झालंय का?"

गल्ली जमा झाली. कुणीतरी हसलं. 'दिसंना झालंय का' हा प्रश्न मला पहिल्यांदाच कुणी चारचौघांत मोठ्यानं विचारला होता, आणि त्याचं उत्तर माझ्याकडे तयार होतं.

अक्काचं लक्ष माझ्या चष्म्याकडे गेलं. "बघा की गं बायांनो! जपाननं कापड पाठवून आमचे माग बसवले, आता चष्मा पाठवून ताणाबी तोडला!" सगळ्या हसल्या. मग ती तुटलेली टोकं हातात घेऊन खाली बसली. धागे सांधायला तिलाही नीट दिसत नव्हतं. चाळिशी तिचीही उलटली होती. "द्या हिकडं," म्हणाली, "तोडलाव तर निदान सांधायला तरी द्या," आणि माझ्या नाकावरचा चष्मा काढून तिनं स्वतःच्या नाकावर ठेवला.

क्षणात तिनं तो खाली ओढला. "थू! डोकं फिरलं की माझं. ह्यो घालून तुमी चालायलाव?"

विणकराच्या बाईला वाकडा धागा सहन होत नाही. तिनं चष्मा हातात धरून ताण्यासमोर नेला आणि आधी एका काचेतून बघितलं, मग दुसऱ्या. मग मला ओढून खाली बसवलं.

"बघा. ह्या काचंतून धागं मोठं दिसत्यात, पण सरळ हाईत. आता ह्या डाव्या काचंतून बघा."

मी बघितलं. डाव्या काचेत ताणा मोडला होता. धागे काचेच्या कडेशी तुटून भलतीकडे सरकले होते, मध्ये फुगले होते, आणि ती काच जरा फिरवली की पाण्यातल्यासारखे हलत होते.

"दोन काचा दोन घरच्या हाईत," अक्का म्हणाली. "घेताना बघितला न्हाईत व्हय?"

"बघितला की. सुई ओवून घेतला."

मग तिनं हवेतच सुई आणि दोरा धरल्यासारखं केलं, आणि दोरा घालताना तिचा डावा डोळा आपोआप मिटला. माझाही तसाच मिटतो. सगळ्यांचाच कुठला ना कुठला तरी मिटतो. वर्गात चाळीस मुलींना ओवायला शिकवलं, त्या सगळ्या एक डोळा मिटूनच ओवायच्या. त्या तबकापाशी डाव्या काचेतून मी एकदाही बघितलं नव्हतं.

पण माझी भीती तेवढ्यानं गेली नाही. काच खोटी होती म्हणून डोळा खरा आहे असं होत नाही. चष्मा अक्काच्या हातात होता. मी उभी राहिले. उजवा डोळा हातानं झाकायचा होता आणि हात वर जाईना. गल्लीतल्या बायका आपापल्या कामाला लागल्या होत्या, फक्त अक्का बघत होती. शेवटी मी झाकला.

गल्लीच्या टोकाला ताण्याचा बांबू होता. बांबूवर कावळा होता. त्याच्या मागे गिरणीचं धुराडं आणि धूर. प्रत्येकाची कड वेगळी, स्वच्छ. कावळ्यानं मान वळवली ती मला दिसली.

मी खाली बसले आणि अक्काबरोबर धागे सांधायला लागले. जवळचं काही दिसत नव्हतं, बोटांनीच गाठी मारल्या. डोळे मिटून केलेली तालीम तेवढ्यापुरती कामी आली.

मंगळवारी मी म्हाताऱ्याकडे गेले. त्यानं काही नाकारलं नाही. जपानहून पेट्या येतात, वाटेत काचा फुटतात. फुटकी काढून तो दुसऱ्या चष्म्यातली बसवतो. बसली की बसली. "फेकून देऊ काय, बाई?" तो म्हणाला. "जपान का क्या कसूर. और सुई तो तुमीच पिरोये ना?" मी त्याला सांगितलं, यापुढे गिऱ्हाइकाला दोनदा ओवायला लावायचं, दुसऱ्या वेळी दुसरा डोळा मिटून. त्यानं मान डोलावली. दोन आठवड्यांनी बघितलं तर एका शिंप्याला तो खरंच दोनदा ओवायला लावत होता, आणि शिंपी चिडला होता.

घरी आईला सगळं सांगितलं. ती म्हणाली, "बरं झालं. आता डागदर."

"कशाला? दिसतंय की मला."

"तुला काय दिसतंय ते त्येला बघू दे. मी बी येनार."

ती हट्टानं आलीच. डॉक्टरांनी माझ्या डोळ्यांत थेंब घातले आणि अर्ध्या तासानं अंधाऱ्या खोलीत स्टुलावर बसवलं. आईला त्यांनी बाहेर थांबायला सांगितलं, तर ती म्हणाली, "अंधारात मला काय फरक पडतोय?" आणि आत आली. डॉक्टरांनी आरशानं डोळ्यात उजेड टाकला आणि म्हणाले, "हलू नका हं." तो शब्द ऐकताच माझं अंग ताठ झालं. तेवढ्यात मागून दोन हात आले आणि माझं डोकं कानांच्या वर घट्ट धरलं.

"आजी, काही गरज नाही. मी सुई घालणार नाही," डॉक्टर हसून म्हणाले.

"तुमी तुमचं काम करा," आई म्हणाली.

त्यांनी आधी उजवा बघितला, मग डावा. डाव्याला फार वेळ लावला असं मला वाटलं. आईचे हात खरंच हलत नव्हते, माझंच डोकं त्यांच्यामध्ये थरथरत होतं.

"चाळिशी आहे," डॉक्टर म्हणाले, "बाकी काही नाही. मोतीबिंदू आज तरी नाही. आईला होता म्हणता, तर पुढेमागे येईलही. आला तर इथे या, बाजारात जाऊ नका."

"डाव्यात न्हाई?" आईनं विचारलं.

"डाव्यात नाही, आजी."

"आनि उजव्यात?"

"उजव्यातही नाही."

"पुन्यांदा बघा," आई म्हणाली. तिनं माझं डोकं सोडलं नाही. डॉक्टरांनी सुस्कारा टाकला, आरसा पुन्हा उचलला, आणि मी डोळे उघडे ठेवून त्या उजेडात बघत राहिले.